कन्सेंट टर्म्समधलं एक क्रियापद

मराठीच्या बाई

नमस्कार. बरीच वर्षं इथे वाचनमात्र आहे, धागा पहिल्यांदाच काढतेय. लांबणार आहे, आधीच सांगते.

धाकट्या बहिणीचा परस्पर संमतीने घटस्फोट होऊन अकरा महिने झाले. मुलगा आठ वर्षांचा, तिच्याकडे. भांडण संपलं असं आम्ही धरून चाललो होतो. कन्सेंट टर्म्स, म्हणजे तडजोडीच्या अटींचा कागद, साडेतीन पानांच्या, दोन्हीकडच्या वकिलांनी मिळून केलेल्या. त्यातलं कलम ७ जसंच्या तसं लिहिते:

"अर्जदार क्र. १ यांना त्यांचे सर्व स्त्रीधन, दागिने व चीजवस्तू मिळालेल्या असून त्याबाबत त्यांची कोणतीही तक्रार राहिलेली नाही."

सही केली त्या सकाळी तिला यातलं काहीएक मिळालेलं नव्हतं. कोर्टाच्या बाहेर बाकावर बसलो होतो, पुकारा होण्याच्या बेतात होता. तिने विचारलं, "पण डबा कुठे मिळालाय?" तिकडून उत्तर आलं, डबा संध्याकाळी घरपोच येईल, आता दोन शब्दांसाठी पुन्हा टाइप करायला गेलं तर आजची तारीख जाईल. आमच्या वकिलांनीही मान डोलावली. तिने सही केली. मी शेजारीच होते. सत्तावीस वर्षं शाळेत मराठी शिकवतेय, पोरांच्या वहीत काळ चुकला की लाल रेघ मारते, आणि त्या दिवशी 'मिळालेल्या असून' हे डोळ्यांनी वाचून गप्प बसले.

डबा आला, पण चार दिवसांनी. आजीचा कडीचा पितळी डबा. आत मंगळसूत्र, कुड्या, चांदीची दोन भांडी. आजीच्या चार तोळ्यांच्या पाटल्या नव्हत्या. विचारलं तर उत्तर एकच: "कलम ७ वाचा."

दुसरं दुखणं कलम ९. "मुलाच्या शिक्षणाचा योग्य तो खर्च वडील करतील." या जूनमध्ये फी वाढली, बसचे पैसे वेगळे. त्यांचं म्हणणं, बस म्हणजे शिक्षण नव्हे.

फसवून सही घेतली म्हणून तडजोड रद्द करता येते का? अपील कुठे करायचं? आमचे वकील आता फोन उचलत नाहीत.

सरळवाट

बाई, राग मानू नका. बहीण सज्ञान, शिकलेली, सोबत वकील, सोबत तुम्ही. जजसाहेबांनी "कुणाचा दबाव नाही ना?" असं विचारलं असणार आणि ती "नाही" म्हणाली असणार. आता वर्षाने पाटल्या आठवल्या. असं चाललं तर कुठलीच तडजोड टिकायची नाही.

मराठीच्या बाई

पाटल्या वर्षाने नाही आठवल्या, पाचव्या दिवशीच विचारल्या होत्या. बाकी तुमचं खरं आहे. साहेबांनी विचारलं होतं आणि ती "नाही" म्हणाली होती.

जुना बेंच क्लार्क

एकतीस वर्षं कोर्टात काढली, त्यातली शेवटची नऊ कौटुंबिक न्यायालयात. वकील नाही, त्यामुळे सल्ला म्हणून घेऊ नका, माहिती म्हणून घ्या.

अपील डोक्यातून काढा. कौटुंबिक न्यायालय कायदा १९८४, कलम १९(२): पक्षकारांच्या संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर अपील चालत नाही. नवा दिवाणी दावा लावून तडजोड रद्द मागावी म्हटलं तर तेही दार बंद. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २३ चा नियम ३-अ बघा. उरतो एकच रस्ता: ज्या कोर्टाने तडजोड नोंदवली त्याच कोर्टात अर्ज करून सांगायचं की ही तडजोड कायदेशीर नव्हती, कारण संमती फसवून किंवा दबावाने घेतली. कराराच्या कायद्यात ज्या कारणांनी करार रद्द होऊ शकतो, ती कारणं इथेही लागतात.

पण त्याआधी नक्कल काढा. तडजोडनामा, दोघांची शपथपत्रं, दाखल झालेल्या पुरसिस (पक्षकारांनी कोर्टाला दिलेली लेखी निवेदनं) आणि सगळ्या तारखांचा रोजनामा, म्हणजे कामकाजाची नोंद. लोक व्हॉट्सअ‍ॅपवर आलेल्या मसुद्यावरून भांडतात, आणि रेकॉर्डला निशाणी (कोर्टाचा क्रमांक) लागलेला कागद वेगळाच असतो. माझ्यासमोर एकदा दोघं नवरा-बायको वेगवेगळ्या प्रतींवरून तावातावाने बोलत होते. दोन्ही प्रती चुकीच्या निघाल्या.

तिखटमीठ

काकांनी रस्ता बरोबर सांगितला. मी कौटुंबिक न्यायालयातच प्रॅक्टिस करते, म्हणून त्या रस्त्यावरचा खड्डाही दाखवते.

बाई, मला आधी एक सांगा: बहिणीला पाटल्या हव्यात की घटस्फोट मोडायचाय?

हिंदू विवाह कायद्याच्या कलम २३(१)(बीबी) प्रमाणे १३-ब खाली, म्हणजे परस्पर संमतीने, घटस्फोट देताना संमती बळाने, फसवून किंवा गैरप्रभावाने घेतलेली नाही याची खात्री कोर्टाने करायची असते. तुम्ही उद्या अर्ज करून म्हणालात की संमतीच फसवून घेतली, तर समोरचा वकील पहिलाच प्रश्न टाकेल: मग घटस्फोटाची संमतीही फसवूनच का? एक धागा ओढायला जाल आणि अख्खी वीण उसवेल. कोर्ट कधी कधी पैशांचा भाग आणि घटस्फोटाचा भाग वेगळा धरतं, नाही असं नाही. पण त्या भरवशावर अर्ज करू नये.

मराठीच्या बाई

अगं बाई. नको, घटस्फोट अजिबात मोडायचा नाही. तिची नोकरी लागलीय, पोर शाळेत रमलंय. आणि त्या गृहस्थांनी तर मार्चमध्ये दुसरं लग्नही केलं.

तिखटमीठ

मग 'तडजोड रद्द करा' हे शब्दच तोंडातून काढू नका.

स्त्रीधनाची मागणी स्वतंत्र करा. कौटुंबिक न्यायालय कायद्याच्या कलम ७ च्या स्पष्टीकरणात पती-पत्नीच्या मालमत्तेचे वाद येतात, आणि घटस्फोट झालेले पूर्वीचे पती-पत्नीही त्यात धरायचे हे सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्येच सांगितलंय. स्त्रीधन बाईचं एकटीचं, सासरकडे असेल तर ते केवळ सांभाळायला दिलेलं, हा १९८५ चा निकाल तर सगळ्यांना तोंडपाठ आहे.

अडचण तुमच्या त्या क्रियापदाची आहे. तुमच्या टर्म्सच्या कलम ७ मध्ये 'देतील' असतं तर प्रश्नच नव्हता, हुकूमनाम्याची दरखास्त लावली असती, न्यायालयाने वसूल करून दिलं असतं. 'मिळाले' लिहिल्यावर अंमलबजावणी कशाची करणार? उलट ती तुमच्या बहिणीची कबुली झाली. कबुली म्हणजे दगडावरची रेघ नाही, ती चुकीची होती हे पुराव्याने दाखवता येतं. पण ते दाखवायची जबाबदारी आता तुमच्यावर.

म्हणून विचारते, त्या दिवशीचं किंवा त्यानंतरचं लिखित काही आहे? मेसेज, कुरिअरची पावती, काहीही.

पंचगंगाकाठ

मधेच घुसतो. माझं प्रकरण उलट बाजूचं, म्हणून लिहितोय. नवऱ्यांचंही कुणीतरी ऐका.

आमच्या टर्म्स ठरल्या बारा लाखांवर. सहा पहिल्या मोशनला, म्हणजे दोघांनी मिळून अर्ज केला तेव्हा, सहा दुसऱ्या मोशनला, म्हणजे सहा महिन्यांनी पुन्हा संमती सांगायची तेव्हा. सहा मी दिले. सहा महिन्यांनी तारखेला मी, माझे वडील, वकील, सगळे हजर. ती आलीच नाही. पुढच्या तारखेला वकिलांकरवी निरोप आला की संमती काढून घेतली, रक्कम कमी वाटते. मी वकिलांना म्हटलं, सही आहे, पैसे घेतलेत, मग तिला अशी कशी मागे जाऊ देता? तर म्हणाले, जाता येतं.

जुना बेंच क्लार्क

जाता येतं, दादा. १९९१ चा 'सुरेष्टा देवी' निकाल: संमती अर्जाच्या दिवशी होती एवढं पुरत नाही, हुकूमनामा होईपर्यंत ती टिकली पाहिजे. मध्ये एकट्यानेही काढून घेता येते. पुढे २००९ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हेच धरलं आणि वर सांगितलं की पक्षकार गैरहजर राहिला म्हणजे त्याची संमती आहे असं गृहीत धरता येत नाही. तो वाद मुंबईच्याच कौटुंबिक न्यायालयातून वर गेलेला.

मात्र कोर्टापुढे हमी लिहून देऊन, तिचा फायदा घेऊन, मग फिरणं हा वेगळा मामला. दिल्ली उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने २०१८ मध्ये म्हटलंय की घटस्फोटाला संमती द्यायची सक्ती करता येणार नाही, पण कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडली तर न्यायालयाच्या अवमानाची कारवाई होऊ शकते. तुमच्या टर्म्समध्ये 'न्यायालयास हमी' असे शब्द होते का?

पंचगंगाकाठ

नव्हते. "उभयपक्ष पालन करतील" एवढंच.

शेवटी निस्तरलं. दीड वर्ष गेलं, वर दोन लाख गेले. दुसऱ्यांदा केलं तेव्हा एक गोष्ट शिकलो, ती लिहून ठेवतो, कुणाच्या तरी कामी येईल. अर्ज दाखल करतानाच मी उरलेल्या रकमेचा डीडी काढून वकिलांकडे दिला होता, तिला भरवसा वाटावा म्हणून. डीडीची मुदत तीन महिने, आणि दोन मोशनमधलं अंतर सहा महिने! दुसऱ्या मोशनला डीडी टेबलावर ठेवला तर तिच्या वकिलीणबाई हसायला लागल्या. पुन्हा बँक, पुन्हा तारीख. सरळ कोर्टात नाझरकडे (पैशांचा हिशेब ठेवणारा अधिकारी) पैसे जमा करा, नाहीतर डीडी आदल्या आठवड्यात काढा.

आणि ४९८-अ ची, म्हणजे सासरी छळाची, फौजदारी केस. टर्म्समध्ये लिहिलं होतं "तक्रार मागे घेतील". ती स्वतः मागे घेऊच शकत नाही, उच्च न्यायालयातून रद्द करून आणावी लागते, हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. तिने तिथे शपथपत्र द्यायचं की नाही यावरून आणखी एक रुसवाफुगवी. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच सर्किट बेंच सुरू झालंय, निदान मुंबईच्या खेपा वाचल्या.

हडपसरी

सामायिक फ्लॅटवाल्यांसाठी माझे चार आणे. टर्म्समध्ये लिहिलं, "फ्लॅट पत्नीचा, कर्जाचे हप्ते पती भरेल." बँक त्या तडजोडीत पक्षकार नाही. हप्ता चुकला की बँक दोघांच्या मागे लागते, तुमचा कागद तिच्या लेखी शून्य. शिवाय घर बायकोच्या नावे करायचं असेल तर बक्षीसपत्र हुकूमनाम्याच्या आधी करून घ्यावं. महाराष्ट्रात राहतं घर पत्नीला बक्षीस दिलं तर मुद्रांक २०० रुपये, वर अधिभार नि नोंदणीचा खर्च. घटस्फोटानंतर ती 'पत्नी' राहत नाही, मग भरा नेहमीच्या दराने. आम्ही भरले.

मांडवी

आमच्याकडे गोव्यात हे नाटक निराळं. लग्नाआधी वेगळा करार केला नसेल तर मालमत्ता दोघांची, अर्धी-अर्धी. वाद झाला तर इन्व्हेंटरी होते, काय काय आहे त्याची रीतसर यादी लागते. वेळ खाते, भांडणं तिथेही होतात, पण 'सर्व मिळाले' असं एका ओळीत गुंडाळून कुणी सुटत नाही.

मराठीच्या बाई

सर्वांचे आभार. तिखटमीठ ताई, काल रात्री बहिणीचा जुना फोन चार्ज करून बसलो होतो. हुकूमनामा झाला त्याच दिवशीचा, दुपारी ४.५२ चा मेसेज सापडला. त्यांचा स्वतःचा. तसाच उतरवते:

"डबा लॉकरला आहे. आज बँक बंद झाली. शनिवारपर्यंत पाठवतो. पाटल्यांचं आईशी बोलून सांगतो."

जुना बेंच क्लार्क

अहो बाई, हे आधी सांगायचं! मी आपला ऑर्डर २३ च्या मागे.

शेवटचं वाक्य परत वाचा. पाटल्या होत्या, त्यांच्याकडे होत्या, आणि सही झाल्यावरही दिलेल्या नव्हत्या, हे तिन्ही त्यात आलं.

फोन जपा. मेसेज दुसरीकडे ढकलू नका, अ‍ॅप काढू नका, सिमसकट बाजूला ठेवा. नुसता स्क्रीनशॉट छापून दिला तर हरकत येईल. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३(४) चं प्रमाणपत्र सोबत लागतं. जुन्या कायद्यातलं ६५-ब, तेच हे.

सरळवाट

मेसेज वाचला. माझा पहिला प्रतिसाद जरा घाईचा होता.

तरी माझा मूळ मुद्दा सोडत नाही. आज पाटल्या, उद्या कुणी म्हणेल पोटगीची रक्कम कमी होती. दोघंही काहीतरी सोडतात तेव्हाच तडजोड होते. ती सही झाल्यावर उघडायची सोय ठेवली तर सही करणार कोण?

तिखटमीठ

सरळवाट, यात मी तुमच्याच बाजूची आहे. तडजोडीचा सगळा फायदा घेऊन नंतर जुन्याच तक्रारी चालू ठेवणाऱ्यांना सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये चांगलं झापलंय. बायकोने ठरल्याप्रमाणे घटस्फोट पदरात पाडून घेतला आणि फौजदारी तक्रार मात्र चालू ठेवली, ती कोर्टाने रद्द केली. रक्कम कमी वाटली म्हणून फिरणाऱ्या पक्षकाराला मी स्वतः परत पाठवते, फी बुडाली तरी.

पण हे प्रकरण 'कमी वाटलं' असं नाही. जे घडलंच नव्हतं ते घडलं म्हणून लिहिलं गेलं. आणि या ओळी कुणी एक माणूस दुष्टपणे लिहितो असंही समजू नका. प्रत्येक वकिलाच्या कॉम्प्युटरवर एक जुना मसुदा असतो, नावं नि रकमा बदलायच्या, बाकी तसंच. 'सर्व स्त्रीधन मिळाले' हे त्या मसुद्यात आधीपासून बसलेलं असतं. माझ्याही होतं. एका पक्षकाराने विचारलं, "मॅडम, मिळालं कधी?" तेव्हापासून यादी जोडते: वस्तू, ग्रॅममध्ये वजन, कुणी कुणाला कधी दिलं.

ग्रॅम यासाठी की तोळ्यावरूनही भांडणं झालेली पाहिलीत. सराफ हल्ली तोळा म्हणजे १० ग्रॅम धरतो, आजीच्या काळचा तोळा ११.६६ चा. चार तोळ्यांत साडेसहा ग्रॅमचा फरक पडतो. आजच्या भावाने करा हिशेब.

क्रॉयडनकर

इकडे ब्रिटनमध्ये तडजोड करतानाही दोघांनी आपली मिळकत, देणी, पेन्शन सगळं उघड करायचं असतं, मगच कोर्ट संमतीच्या आदेशावर शिक्का मारतं. २०१५ मध्ये इथल्या सर्वोच्च न्यायालयाने दोन बायकांच्या बाजूने एकाच दिवशी निकाल दिले, दोन्हीकडे नवऱ्याने मालमत्तेबद्दल खरं सांगितलेलं नव्हतं. लपवून घेतलेली संमती ही संमतीच नव्हे, असा एकूण सूर. भारतात असं काही नाही का?

तिखटमीठ

पोटगीच्या वादात आहे. नोव्हेंबर २०२० पासून दोघांनाही मालमत्ता-देण्यांचं शपथपत्र द्यावं लागतं. पण संमतीच्या अर्जात व्यवहारात कुणी आग्रह धरत नाही. सगळ्यांनाच घाई असते, २०१७ नंतर सहा महिने थांबण्याची अटही योग्य प्रकरणात माफ होते. काही जोडप्यांना त्याची खरंच गरज असते. पण घाईत झालेलं टायपिंग मग माझ्याकडे येतं.

बाई, कलम ९ राहिलं. 'योग्य तो खर्च' यावर दरखास्त लावून फारसं हाती लागणार नाही, हुकूमनाम्यात नाही ते अंमलबजावणी करणारं कोर्ट घालू शकत नाही. पण मुलाच्या शिक्षणाचा आणि निर्वाहाचा आदेश हिंदू विवाह कायद्याच्या कलम २६ खाली नंतरही मागता येतो, बदलूनही घेता येतो. आईने टर्म्समध्ये काहीही लिहून दिलं असलं तरी मुलाचा हक्क तिला सोडून देता येत नाही. फी, बस, गणवेश, शिकवणी, प्रत्येकाचा वेगळा आकडा आणि भरायची तारीख मागा. दरवर्षी किती टक्के वाढ तेही. हा अर्ज आणि स्त्रीधनाचा अर्ज वेगळे ठेवा, पोराची फी पाटल्यांच्या भांडणात अडकायला नको.

मराठीच्या बाई

एकवीस दिवसांनी लिहितेय, माफ करा. शाळेत परीक्षा होत्या.

नवीन वकील केले. नक्कल मिळाली. काकांनी सांगितलं तसंच निघालं, रेकॉर्डवरच्या प्रतीत कलम ७ आहे पण 'दागिने' हा शब्दच नाही, आमच्याकडच्या मसुद्यात आहे. म्हणजे टाइप बदलायला वेळ नव्हता हे खरं नव्हतं, आपल्यापुरतं बदललेलं होतं. की सहज गळला, देव जाणे.

फीचा अर्ज दाखल झाला. पाटल्यांसाठी आधी नोटीस पाठवली, सोबत मेसेजची प्रत आणि लग्नातला एक फोटो. सप्तपदीचा. बहिणीचा हात पुढे आहे आणि पाटल्या स्वच्छ दिसतात, डावीवर आजीच्या वेळचा चेपलेला कोपरासुद्धा.

परवा त्यांच्या वकिलांचा फोन आला. पाटल्या द्यायला तयार आहेत, कोर्टकचेरी नको, तेवढं लिहून द्या. मसुदाही पाठवला. पहिलीच ओळ: "सदर पाटल्या लिहून देणार यांना मिळालेल्या असून..."

छापून घेतला, लाल पेनाने रेघ मारली आणि परत पाठवला. समासात लिहिलं: ज्या दिवशी, ज्यांच्यासमोर, जितक्या ग्रॅमच्या देतील, ते त्या दिवशी लिहू. चौदा तारखेला वकिलांच्या ऑफिसात बोलावलंय. आमच्या गल्लीतले सराफ काटा घेऊन येणार आहेत.

जुना बेंच क्लार्क

काट्याची पावती घ्या बाई, सहीशिक्क्यानिशी.